साडेसदतीस अंश

आमच्या घराचा एक नियम आहे. शेवटी जो बाहेर पडेल त्यानं दाराशेजारचा मेन स्विच खाली ओढायचा आणि मगच कुलूप लावायचं. दिवे, पंखे, फ्रीज, सगळं एका फटक्यात बंद. नियम माझ्या नवऱ्याचा. ते वायरमन आहेत. जन्मभर लोकांच्या भिंतींतून तारा ओढून त्यांचं एक मत पक्कं झालंय, की घरात माणूस नसेल तर वीजही नसावी. आमचं लग्न नवं होतं तेव्हा त्यांच्या ओळखीच्या एका शिंप्याचं दुकान जळालं. इस्त्री चालू राहिली होती. वायरिंग ह्यांनी केलेलं. ह्यांचा दोष काही निघाला नाही, पण त्या काळ्या भिंतींसमोर हे बराच वेळ उभे राहिले आणि घरी येऊन जेवले नाहीत. तेव्हापासून हा नियम. त्यापायी माझं किती दूध नासलं ते मीच जाणे.

लेक ह्याच नियमात वाढली. स्विचपर्यंत तिचा हात पुरत नव्हता तेव्हा हे तिला उचलून धरायचे, ती दोन्ही हातांनी दांडी खाली ओढायची आणि दिवे गेले की टाळ्या पिटायची. बापलेकीचं अगदी गूळपीठ होतं. मी काही बोलायला गेले की दोघं एकमेकांकडे बघून हसायचे आणि माझाच पोपट व्हायचा. पुढे त्याच दोघांचं बोलणं बंद झालं.

कारण तसं जगभर असतं तेच. लेकीनं लग्न स्वतःच्या मनानं ठरवलं आणि मुलगा निघाला कोंबड्या पाळणारा. शहराबाहेर त्याची शेड होती, अंडी आणि पिल्लं विकायचा. ह्यांच्या डोक्यात वेगळाच जावई बसलेला. शर्ट खोचणारा, महिन्याच्या महिन्याला पगार आणणारा.

"माझी मुलगी कोंबडीवाल्याला द्यायची?" हे म्हणाले.

"तुम्ही तरी कुठले मोठे साहेब लागून गेलात?" ती म्हणाली.

झालं. दोघांची जातकुळी एकच, मोडेल पण वाकणार नाही. हे लग्नाला गेले नाहीत. मी गेले, आणि परत आल्यावर ह्यांच्यापुढे ताट आदळलं, तेवढंच माझ्या हातात होतं. नंतर लेक मला भेटायला यायची तेव्हा जावई तिला खाली सोडायचा आणि आपल्या टेम्पोतच बसून राहायचा. मीच खाली जाऊन त्याच्याशी दोन शब्द बोलून यायचे. हे तेवढा वेळ न्हाणीघरात काहीतरी दुरुस्त करत बसायचे. एकच नळ चार वर्षं दुरुस्त होत होता.

आणि एके दिवशी जावई गेला. ताप होता, त्यानं तो अंगावर काढला. कोंबड्यांना सोडून दवाखान्यात कोण पडून राहील, म्हणाला. नेईपर्यंत उशीर झाला. आम्ही दोघंही गेलो. हे सगळ्यांच्या मागे भिंतीला टेकून उभे होते, कुणाशी बोलले नाहीत. थोड्या दिवसांनी लेक एक बॅग घेऊन आमच्याकडे आली, आपल्या जुन्या खोलीत शिरली आणि तिथेच राहिली.

ती रडली नाही. निदान आमच्यासमोर तरी नाही. जेवायला बोलावलं की यायची, दोन घास चिवडायची, उठायची. केस विंचरायचं मी सांगितलं तर विंचरायची. मी तोंडाची बडबडी बाई, पण तिच्यापुढे माझीही वाचा बसायची. आणि ह्या दोघांचं तर आधीच बंद होतं. समोरासमोर बसूनही सगळं माझ्यामार्फत. "तिला विचार, पंखा हवा का." "त्यांना सांग, नको." मी नुसती टेलिफोन एक्स्चेंज. हात जोडून सांगते, असल्या घरात राहण्यापेक्षा भांडण परवडतं.

अशात एक दिवस तिची थोरली जाऊ आली, हातात भुशानं भरलेली टोपली. शेड विकायला काढली होती, कोंबड्या दुसऱ्या दिवशी खाटकाकडे जाणार होत्या. "त्याच्या त्या काळ्या तुरेवालीची अंडी आहेत," जाऊ म्हणाली. "त्याला फार कौतुक होतं तिचं. मला वाटलं, तुला द्यावीत." बाई चांगली, पण फार वेळ थांबवेना तिला.

मी अंडी बघितली आणि आधी मला काय सुचलं असेल? मी तवा चढवला. लेकीनं माझ्या हातातून टोपली काढून घेतली.

"आई, ही खायची नाहीत. उबवायची आहेत."

कित्येक दिवसांत तिच्या तोंडून निघालेलं एवढं मोठं हे पहिलंच वाक्य. मी तवा उतरवला. त्या घडीला तिनं मला साप पाळायचे आहेत म्हटलं असतं तरी मी होकार दिला असता.

कोंबडी नाही, मशीन नाही. तिनं गरम पाण्याच्या पिशवीवर दुलई घातली, दुलईत अंडी ठेवली आणि शेजारी बसून राहिली. पिशवी गार झाली की उठायची, पाणी तापवायची, परत बसायची. थंडीचे दिवस, फरशीवर पाय ठेववत नव्हता. मी खिडकीवर जाड चादर टाकली आणि म्हटलं, "तू तर खुडूक बसलीस गं." बोलून गेले आणि जीभ चावली. पण ती किंचित हसली.

संध्याकाळी हे कामावरून आले, दारातून त्यांनी तो कारभार बघितला आणि मला म्हणाले, "तिला म्हणावं, असं नाही व्हायचं. ऊब एकसारखी लागते."

"त्यांना म्हणावं, मला माहीत आहे," आतून आवाज आला.

मी पोळ्या लाटत होते. म्हटलं, माझ्या हाताला पीठ लागलंय, एक्स्चेंज बंद आहे.

ह्यांनी चपला परत पायात घातल्या. बाहेर गेले आणि परत आले तेव्हा खांद्यावर एक लाकडी पेटी होती, कुठल्याशा गोदामातून आणलेली. माळ्यावरून जुन्या कॉम्प्युटरचा छोटा पंखा काढला. बल्ब, होल्डर, वायरचे तुकडे, थर्मोस्टॅट, झाकणाला बसवायला काचेचा तुकडा, सगळं जमिनीवर मांडून बसले. पेटीला आतून थर्माकोल लावला. कुठून हवा आत येणार, कुठून बाहेर पडणार, बोटानं अंदाज घेत भोकं पाडली. लेक हळूहळू दुलईजवळून सरकत दारापर्यंत आली आणि बघत उभी राहिली.

"किती ठेवायचं, विचार तिला," हे स्क्रूड्रायव्हर फिरवत म्हणाले.

मी गप्प राहिले. मुद्दाम.

"साडेसदतीस," लेक म्हणाली.

ह्यांनी वर बघितलं. "म्हणजे माणसाच्या अंगाएवढंच की."

"थोडं जास्त. आणि आत पाण्याचं भांडं लागतं. हवा कोरडी झाली की पिल्लू आतल्या पापुद्र्याला चिकटतं, त्याला बाहेर येता येत नाही."

"पाण्याचं भांडं बल्बपासून लांब ठेवू मग," हे म्हणाले.

चार वर्षांनंतर दोघं एकमेकांशी बोलले ते हे. बल्ब आणि पाण्याचं भांडं. मी स्वयंपाकघरात जाऊन पदर तोंडाला लावला.

पुढचे दिवस माझं घर अंड्यांच्या मालकीचं झालं. दार आपटायचं नाही. मिक्सर लावायचा नाही, कारण मिक्सर लावला की बल्ब डोळा मारायचा. लेकीनं प्रत्येक अंड्यावर पेन्सिलनं एका बाजूला फुली आणि दुसऱ्या बाजूला गोल काढला, आणि दिवसातून तीन-चारदा फुलीचा गोल आणि गोलाची फुली करत राहिली, म्हणजे पिल्लू एका जागी चिकटून बसत नाही. कोंबडी हे पायानं करते म्हणे. ह्यांनी पेटीच्या सॉकेटवर चिकटपट्टी मारली आणि मोठ्या अक्षरांत लिहिलं, "बंद करू नये." वीज गेली तर म्हणून एक जुनी बॅटरी जोडली, ती तीन-चार तास दम धरायची. माझ्या लग्नात माझी एवढी काळजी कुणी घेतली नव्हती, असं मी म्हटलंसुद्धा.

आणि रोज सकाळी हत्यारांची पिशवी खांद्याला लावून बाहेर पडताना हे तिच्या दाराशी थांबायचे.

"काय म्हणतायत?"

"बरी आहेत. काटा जरा खाली आला होता, आता ठीक आहे."

"वायर बघू का?"

"नको. मी उघडं ठेवलं होतं जरा जास्त वेळ."

एवढंच. पण एवढ्यासाठी हे दहा मिनिटं लवकर उठायला लागले, दाढी करायला लागले. आणि ती त्या वेळेला केस विंचरून बसलेली असायची, मी न सांगता. मी डोळ्यांच्या कोपऱ्यातून बघायचे आणि मनातल्या मनात अंड्यांना हात जोडायचे. मला त्या पिल्लांचं काही पडलेलं नव्हतं, खरं सांगते. माझी लेक परत माणसांत येत होती आणि तिच्या बापाशी बोलत होती. अंडी फुटून पिल्लं बाहेर आली तर ती पूर्ण येईल आणि नाही आली तर परत त्या खोलीत जाऊन बसेल, हे मला कळत होतं. ह्यांनाही कळत होतं.

आठवडा झाल्यावर तिनं खोलीत अंधार केला आणि आम्हाला बोलावलं. एक अंडं हातात धरून त्याला खालून टॉर्च लावला. अंडं आतून नारिंगी पेटलं. आत लाल बारीक शिरा पसरलेल्या आणि मधोमध एक ठिपका. ठिपका हलत होता.

"काळीज आहे ते," ती म्हणाली.

हे डोळे बारीक करून इतके जवळ गेले की त्यांचा श्वास अंड्यावर येत होता. "वायरिंग कुणी केलंय हे?" हे म्हणाले. "एक जोड दिसत नाही."

लेक हसली. आवाज करून हसली. मग दोन अंडी निघाली नुसतीच कोरी, आत काही नाही, ती तिनं बाजूला काढली. बाकी सगळ्यांत ठिपका होता. हे प्रत्येक अंड्यापाशी तेवढाच वेळ थांबले. त्या दिवशी कामाला उशिरा गेले, आणि ज्यांचं काम होतं त्यांचा फोन आला तर मी सांगितलं, वायरिंग बघतायत.

एकवीस दिवस लागतात. शेवटचे तीन दिवस अंडी फिरवायची नसतात आणि पेटी अजिबात उघडायची नसते. पिल्लू आत तोंड वर करून तयार बसतं, त्याला तसंच राहू द्यायचं. लेकीनं पाण्याचं भांडं काठोकाठ भरलं, झाकण लावलं, आणि म्हणाली, "आता आपलं काही काम नाही. फक्त वाट बघायची."

त्याच दुपारी फोन आला. ह्यांची थोरली बहीण गेली. लेकीची आत्या. ह्या आत्यानं लेकीला लहानपणी सुट्टीसुट्टीत सांभाळलं होतं, लग्नातही माहेरून माझ्याबरोबर तीच एकटी आली होती. लेक जाणार नाही असं होणं शक्यच नव्हतं. मी म्हटलं, मी थांबते पेटीपाशी. लेक म्हणाली, "आई, आता काही करायचंच नाहीये. पाणी भरलंय, बल्ब नवा आहे. तू चल, आत्याला शेवटचं बघ."

टॅक्सी खाली उभी होती. मी आणि लेक बॅगा घेऊन पुढे उतरलो. लेक जिन्यातून परत एकदा वर गेली, काचेतून बघून आली. "सदतीसच्या खाली जात नाही ना?" मी विचारलं. "साडेसदतीसला काटा चिकटलाय," ती म्हणाली. हे मागून कुलूप लावून आले. त्यांचे डोळे सुजले होते. बहिणीवर त्यांचा फार जीव.

आत्याच्या गावी पोचेपर्यंत अंधार पडला. दुसऱ्या दिवशी सकाळी आत्याला न्यायचं होतं. घरातून बाहेर पडताना हे शेवटी होते. मी चपला घालत होते आणि बघितलं, ह्यांचा हात आपोआप दाराशेजारच्या मेन स्विचकडे गेला. भाचा म्हणाला, "मामा, राहू दे. आत बायका आहेत."

ह्यांचा हात तसाच हवेत राहिला. मी ह्यांना ओळखते. त्यांनी हाताकडे बघितलं आणि चेहऱ्यावरचं रक्त उतरलं. त्या क्षणी मलाही कळलं. आम्ही दोघांनीही लेकीकडे बघितलं नाही.

सगळं उरकल्यावरही दिवसभर आम्ही तिथे बसून राहिलो, कारण उठता येत नव्हतं. माणसं येत होती, ह्यांच्या खांद्यावर हात ठेवत होती, आणि हे मान हलवत होते. शेजाऱ्याकडे किल्ली नव्हती. असती तरी काय उपयोग. ती बॅटरी आदल्या संध्याकाळीच संपली असणार. परतीच्या वाटेत लेक खिडकीला डोकं टेकून झोपली होती. झोपेत तिचा चेहरा शाळेतल्यासारखा दिसत होता. हे पुढे ड्रायव्हरशेजारी बसले होते आणि त्यांनी वाटभर एकदाही मागे वळून बघितलं नाही.

घर आलं तसे हे म्हणाले, "तुम्ही सामान घ्या, मी पुढे होतो." गुडघा दुखतो म्हणून एरवी कठडा धरून चढणारा माणूस, दोन-दोन पायऱ्या घेत गेला. आम्ही वर पोचलो तेव्हा सगळं चालू होतं. बल्ब जळत होता, पंखा घुंघुं करत होता. हे पेटीकडे पाठ करून शर्टाची बटणं काढत होते. मी फ्रीज उघडला. दुधाचा वास आला. मी पातेलं मोरीत रिकामं केलं आणि नळ मोठा सोडला.

"सांगा तिला," मी हळूच म्हटलं.

"सांगतो. पण अजून काही सांगता येत नाही," हे म्हणाले. "मोठी झालेली पिल्लं थोडी थंडी काढतात म्हणे. एखादं निघेलही." मग न्हाणीघरात गेले आणि बराच वेळ बाहेर आले नाहीत. पाण्याचा आवाज येत नव्हता.

दुसऱ्या दिवशी सकाळी हे तिच्या दाराशी उभे.

"काय म्हणतायत?"

"शांत आहेत," ती म्हणाली. "अशीच असतात शेवटी."

"हं."

मग एकविसावा दिवस आला. गेला. बाविसावा गेला. ती भांड्यात पाणी घालायची, काच पुसायची. काचेपलीकडे अंडी फुल्या वर करून पडलेली. एरवी आदल्या दिवशीच आतून टकटक ऐकू येते, पिल्लं बोलतात, असं तिनेच मला सांगितलं होतं. मी कान लावून बघितलं. पंख्याशिवाय काही नाही. मी लेकीच्या तोंडाकडे बघायचे आणि मला वाटायचं, हिला अजून आशा आहे. ह्यांच्याशी मी दोनदा भांडले, दबक्या आवाजात. "उद्या सांगतो," हे म्हणायचे. हा माणूस खांबावर चढताना घाबरला नाही कधी. आणि सकाळी परत दाराशी. "काय म्हणतायत?" "उशीर करतायत." "थंडी आहे ना." "हो, थंडी आहे."

असे आणखी तीन दिवस. चौथ्या दिवशी ह्यांनी पिशवी खांद्यावरून काढून खाली ठेवली. ती जगमधून पाणी ओतत होती.

"मी त्या दिवशी मेन बंद केला होता," हे म्हणाले. "आपण निघालो तेव्हा. सवयीनं. माझ्या लक्षातच..."

तिनं जग खाली ठेवला नाही. "माहीत आहे मला, बाबा."

"कधी कळलं?"

"त्याच संध्याकाळी. तुम्ही न्हाणीघरात होतात तेव्हा मी झाकण उघडलं. भांड्यातलं पाणी बर्फासारखं होतं. एकेकाला टॉर्च लावून बघितलं. काही हलत नव्हतं."

मी दारात उभी होते. म्हणजे मी जिच्यासाठी जीव मुठीत धरून फिरत होते ती पोर गेले सगळे दिवस मेलेल्या अंड्यांना ऊब देत होती, आणि आम्हा दोघांना अंधारात ठेवून.

"मग पाणी कशाला घालत राहिलीस?" ह्यांनी विचारलं.

ती जगकडे बघत होती. "तुम्ही रोज सकाळी यायचात," ती म्हणाली. "अंडी गेली म्हणून सांगितलं असतं तर तुम्ही काय विचारायला आला असता?"

हे तिथेच फरशीवर खाली बसले, गुडघ्याचा विचार न करता. थोड्या वेळानं त्यांनी हात लांब केला, सॉकेटवरची चिकटपट्टी नखानं खरवडून काढली आणि बटण दाबलं. पंखा हळू होत होत थांबला. दोघांनी मिळून अंडी परत त्या टोपलीत भरली. इमारतीच्या मागे, जिथे कुणी जात नाही, तिथे ह्यांनी खड्डा केला. लेक एकेक अंडं दोन्ही हातांनी खाली ठेवत होती, जणू अजून फुटू शकतील. वर माती ओढताना हे म्हणाले, "चुकलो मी." ते फक्त स्विचबद्दल बोलत नव्हते, आणि ते तिला समजलं असावं. ती वर येऊन दार लोटून झोपली, जेवायलाही उठली नाही. मला वाटलं, संपलं, आपण परत तिथेच आलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी चहा गाळत होते. हे दाढी करून, पिशवी खांद्याला लावून तिच्या दाराशी जाऊन उभे राहिले. आत टेबलावर पेटी नव्हती. विचारायला काही नव्हतं. हे उभेच. लेक खाटेवर बसली होती, केस तसेच. मी गाळणी हातात धरून थांबले, कारण मला वाटलं आता हे वळतील आणि मला म्हणतील, तिला विचार चहा घेणार का.

"कसा होता गं तो?" हे म्हणाले.

तिनं वर बघितलं. "कोण?"

"तो. मी कधी बघितलाच नाही ना नीट. एकदाच पाहिला, तेव्हा..." ह्यांनी पिशवीचा पट्टा दुसऱ्या खांद्यावर घेतला. "बोलायचा कसा, काय आवडायचं त्याला. काहीतरी सांग."

ती कितीतरी वेळ ह्यांच्याकडे बघत राहिली. मला भीती वाटली, आता ती चार वर्षांचं सगळं ह्यांच्या तोंडावर फेकेल. फेकलं असतं तर मी तिला अडवलं नसतं.

"मोठ्यानं बोलायचा," ती म्हणाली. "फार मोठ्यानं. फोनवर तर ओरडायचाच. पण शेडमध्ये शिरला की कुजबुजायचा. कोंबड्या दचकतात म्हणायचा." तिनं श्वास घेतला. "तुमच्याकडून एक काम करून घ्यायचं होतं त्याला. शेडमधलं वायरिंग. दुसऱ्या कुणाला हात लावू देत नव्हता. म्हणायचा, राग उतरला की तुझे बाबा येतील, मग त्यांच्याकडूनच करू."

मग तिचा चेहरा मोडला आणि ती रडायला लागली. त्याच्या जाण्यानंतर पहिल्यांदा, माझ्यादेखत, घशातून, शेजाऱ्यांना ऐकू जाईल असं. मी रोज हेच मागत होते, तिनं एकदा रडावं, आणि आता ते मला ऐकवेना.

ह्यांनी पिशवी खाली ठेवली आणि आत जाऊन तिच्याशेजारी बसले. तिला जवळ घ्यायला ह्यांना जमलं नाही, हात मांडीवर उलटे ठेवून नुसते बसले. "अजून सांग," हे म्हणाले. हुंदके देत ती सांगत राहिली, तो काय खायचा, कशावर चिडायचा, टेम्पोत बसून आमच्या खिडकीकडे कसा बघत राहायचा. त्या दिवशी हे कामाला गेले नाहीत. दुपारपर्यंत तिथेच बसून त्यांनी जावयाबद्दल सगळं विचारून घेतलं.